हौदातली दुपार

भंडाऱ्याहून नोकरीसाठी आलेली प्रियदर्शनी मेश्राम हिंजवडीतल्या एका सॉफ्टवेअर कंपनीत टेस्टर होती. कॉलेजात असताना तिच्या अंगावर कोड उठलं आणि छाती, पोट, दोन्ही दंड पांढरे पडले. स्थळं यायची, कळलं की परत जायची. एप्रिलच्या उकाड्यातही ती कंपनीच्या बसमध्ये मनगटापर्यंत बाह्यांचा कुर्ता घालून बसायची.

एकदा इंटरनेटवर तिला निर्वस्त्र राहणाऱ्या लोकांचा एक गट सापडला. त्यातल्या पुण्याच्या भाग्यश्रीताईंनी लिहिलं, 'आम्ही फक्त बायका मुळशीकडच्या एका फार्महाऊसवर जमतो. वाटलं तर ये.'

ती गेली. बराच वेळ तिच्याने ओढणीसुद्धा काढवेना. शेवटी सगळे कपडे उतरवून ती हौदात शिरली, तर कुणी वळूनही बघितलं नाही. कॅन्सरमध्ये एक स्तन गमावलेल्या बाई म्हणाल्या, "अगं, जरा पाठ चोळून दे ना." पाठ चोळता चोळता प्रियदर्शनीला रडू फुटलं.

सोमवारी ती बिनबाह्यांचा कुर्ता घालून ऑफिसला गेली. कँटीनमध्ये शेजारची मुलगी ताट उचलून दुसऱ्या टेबलावर जाऊन बसली.

प्रियदर्शनीने बाहेर येऊन भाग्यश्रीताईंना फोन लावला.

"अगं, फार्महाऊसच्या मालकाला कुणकुण लागली. आता तिथे जमणं बंद," ताई म्हणाल्या.

"मग मी कुठे जाऊ, ताई?"

"बघते," म्हणून ताईंनी फोन ठेवला. फोन कानाला धरून प्रियदर्शनी पार्किंगमध्ये तशीच उभी राहिली. सिक्युरिटीवाल्याची नजर दंडावर गेली, तशी तिने पर्स छातीशी घट्ट धरली. पण तेवढ्याने दंड झाकले जात नव्हते.