मेलेल्या पाइनची चार वर्षं

मी घरी ऑफिसचं काही सांगायला लागले की मिलिंद, म्हणजे माझा नवरा, विचारतो, "अगं, तुमच्याकडे काम कधी करता?" त्याचंही बरोबर आहे. तो बुओना व्हिस्टाला सॉफ्टवेअरमध्ये. तिथे दिवसभर सगळे आपापल्या स्क्रीनकडे बघत बसतात, किस्से होणार कुठून? मी सिंगापूरच्या दुसऱ्या टोकाला, तुआसला, एका पॅकिंग यार्डात क्वालिटी बघते. बिशानहून जायला सव्वा तास, यायला सव्वा तास. दिवसभरात जे घडतं ते एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, बसून पुन्हा एकदा मनात येतं आणि घरी पोचेपर्यंत त्याचा किस्सा झालेला असतो. असे इतके साठलेत की आता लाकडाच्या जातीप्रमाणे वाटण्या करून ठेवल्यात. सागाचे वेगळे, रबरवुडचे वेगळे. आज फक्त कॅनडाच्या पाइनचे सांगते.

* * *

आमच्या यार्डात जहाजाने जाणाऱ्या अवजड यंत्रांसाठी लाकडी पेट्या बनवतात. पाइनचा पहिला कंटेनर आला, दार उघडलं आणि देवरुखकर ओरडले, "मॅडम, आत शाई सांडलीय!"

देवरुखकर मूळचे रत्नागिरीचे. पंधरा वर्षं बोटीवर मरीन इंजिनियर होते, आता आमच्याकडे क्रेन आणि लोडिंग सांभाळतात. मी धावत गेले. प्रत्येक फळीवर कडेने निळे-करडे पट्टे! सरळ माल थांबवायचा, 'होल्ड'चा स्टिकर लावला.

तेवढ्यात लिम अंकल आले. हे आमचे सगळ्यात जुने ग्रेडर, लाकडाची प्रत ठरवणारे. फळी बघतात, वास घेतात, बोटाच्या पेराने टकटक करतात आणि कान लावतात. यंत्र वगैरे काही नाही. त्यांनी दोन फळ्या वाजवल्या आणि माझा स्टिकर काढून माझ्याच हातात दिला.

"ओन्ली ब्लू. स्ट्राँग. डाय ऑलरेडी, बट नॉट लाँग."

म्हणजे झाड मेलंय, पण फार दिवस झाले नाहीत. मला पटेना. मी निळ्या आणि पांढऱ्या फळ्या प्रेसमध्ये घालून मोडून बघितल्या. दोन्ही जवळजवळ सारख्याच वजनाला मोडल्या! मग वाचत बसले. तांदळाच्या दाण्याएवढा भुंगेरा पाइनच्या सालीत शिरतो, सोबत बुरशी नेतो, आणि बुरशी सालीलगतचं लाकूड निळं करते. झाड मरतं, पण लाकडाची ताकद लगेच जात नाही.

आता हे गिऱ्हाइकाला कसं सांगायचं? मी चार पानांचं प्रेझेंटेशन घेऊन गेले. तिथल्या मॅनेजरबाईंनी पेटी बघितली, मला मधेच थांबवलं आणि विचारलं, "अजून गडद मिळेल का? आमच्या कंपनीचा रंग निळाच आहे."

* * *

कॅनडातल्या ज्या गिरणीतून हे लाकूड यायचं तिथला माणूस गॅरी. वय साठीच्या आसपास, बोलणं कमी. पहिल्या व्हिडिओ कॉलला त्याने फोन खिडकीबाहेर धरला. लांबवर डोंगर, आणि डोंगरभर लालभडक झाडं.

मी आपली उत्साहाने म्हणाले, "वा! किती सुंदर रंग! पानगळीचे दिवस का?"

गॅरीने फोन आत वळवला.

मग गॅरी हळूच म्हणाला, "मॅडम, पाइनला पानगळ नसते."

ती सगळी झाडं मेलेली होती. मेल्यावर पहिल्या-दुसऱ्या वर्षी पानं लाल होतात, मग गळतात आणि झाड नुसतं करडं उभं राहतं. गॅरी रागावला नाही. उलट मीच ओशाळलेय हे बघून म्हणाला, "सगळे तसंच म्हणतात. टुरिस्ट तर फोटो काढतात."

* * *

हा अगदी छोटा. एका सकाळी देवरुखकरांचा फोन. "मॅडम, जिवंत भुंगेरा सापडलाय! पाइनच्या थप्पीवर! कॉफीच्या ग्लासाखाली पकडून ठेवलाय!"

लाकूड तिकडूनच तापवून, किडे मारून, शिक्का मारून येतं. तरी एखादा जिवंत राहिला असेल तर सगळा माल अडकणार. मी एमआरटीत उभ्याउभ्याच ईमेल लिहायला घेतला. यार्डात पोचले तर ग्लासाभोवती सगळे गोल करून उभे. आत अंगठ्याएवढा, शिंगवाला, रुबाबदार भुंगेरा.

लिम अंकल वाकले. "धिस वन? कोकोनट ट्री वन. सिंगापूर सिटिझन, लाह!"

पीआरचा, म्हणजे इथे कायम राहण्याच्या परवान्याचा, अर्ज दोनदा नाकारला गेलेले देवरुखकर ग्लासाकडे बघत म्हणाले, "याला कसं मिळालं?"

* * *

दुसऱ्या वर्षी लाकडाने वेगळंच काढलं. पेटीवर स्टेन्सिलने "फ्रॅजाइल" छापायला गेलं की शाई पसरायची. ताजा पाइन शाई वरच्या वर धरतो. हे लाकूड टिपकागदासारखं पिऊन टाकायचं. बुरशीने आतल्या बारीक वाटा मोकळ्या केलेल्या असतात, त्यामुळे पाणी, डिंक, रंग, काहीही द्या, घटाघट आत! एक पेटी रात्रभर पावसात राहिली तर क्रेनच्या काट्यावर तिचं वजन एवढं वाढलं की देवरुखकरांनी आत कोणी बसलंय का बघायला लावलं.

पण किस्सा तो नाही. परदेशातल्या एका गोदामातून फोटो आला. आमच्या पेटीवर एक मोठा काळा डाग. खाली प्रश्न, "हे ढगाचं चिन्ह आमच्या यादीत नाही. याचा अर्थ काय?"

मी कसं उत्तर द्यावं याचा विचार करत होते, तोवर देवरुखकरांनी परस्पर पाठवूनही दिलं. "अर्थ: जपून."

* * *

तिसऱ्या वर्षी सुतार वैतागले. खिळा ठोकला की फळी चिरायची. दहात तीन फळ्या तरी फुकट. मी ओलावा मोजायचं मीटर लावलं तर आकडा इतका कमी की विश्वास बसेना. देवरुखकर म्हणाले, मीटर बिघडलंय. सिद्ध करायला त्यांनी स्वतःचा डबा उघडला आणि मीटरच्या दोन्ही सुया पोळीत खुपसल्या.

मीटर व्यवस्थित होतं. पोळीत पाणी चिक्कार होतं!

गॅरीला विचारलं तेव्हा उलगडा झाला. झाड उभ्याउभ्याच सुकलेलं असतं, सुकताना त्याला उभ्या चिरा पडतात, त्या खोडाभोवती वळत जातात. त्यात गिरणीच्या भट्टीत ते ताज्या लाकडाइतकाच वेळ ठेवलं गेलं. आधीच कोरडं, ते अगदी खडखडीत झालं. आम्ही खिळ्यांआधी भोकं पाडायला लागलो, चिरा गेलेल्या फळ्या बाजूला काढायला लागलो. काम रेटत राहिलो.

इकडे देवरुखकरांच्या घरी वेगळंच झालं. ते रोज बायकोला म्हणायचे, "तुझ्या पोळ्या म्हणजे लाकूड!" मीच वहिनींना मीटरचा आकडा पाठवला. त्यांनी तो छापून फ्रिजवर लावलाय. वर लिहिलंय, "लाकूड नाही. तपासून घेतलंय."

* * *

आता हा सांगताना मला अजून बरं वाटत नाही.

चौथं वर्ष. बारा टनांचा एक कॉम्प्रेसर पेटीत बसवून तयार होता. अशा पेटीच्या तळाला जाड तुळया असतात, त्यांना स्किड म्हणतात. सगळं वजन त्यांच्यावर. त्या तुळया कॅनडाच्या पाइनच्या होत्या. ग्रेडचा शिक्का होता, मी नमुना मोडून बघितला होता, कागदावर माझी सही होती. ट्रेलर दारात उभा, बंदरावर वेळ ठरलेली.

लिम अंकल खाली बसले, तुळई वाजवली, पुन्हा वाजवली आणि मान हलवली. "कॅनॉट."

मी विचारलं, "अंकल, कुठे खराब दिसतंय?"

"नॉट सी. हिअर. साउंड लाइक पेपर." म्हणजे दिसत नाही, ऐकू येतं.

आमचे मॅनेजर कंटाळले होते. करवतींच्या आवाजात आयुष्य गेल्यामुळे लिम अंकलच्या उजव्या कानाने काही ऐकू येत नाही, हे सगळ्यांना माहीत. मॅनेजर माझ्याकडे वळून म्हणाले, "ही इज हाफ डेफ. तुझा रिपोर्ट काय म्हणतो?"

रिपोर्ट म्हणत होता, ठीक आहे. आणि खरं सांगते, मी पण तेच म्हणणार होते. अंकल माझ्याकडे बघत नव्हते. ते तुळईवर हात ठेवून नुसते बसले होते. मला ते बघवेना. मी म्हटलं, "दोन इंच उचलून बघू. फक्त दोन इंच. मग पाठवा."

देवरुखकरांनी सगळ्यांना क्रेनभोवतीच्या पिवळ्या रेषेबाहेर काढलं, स्वतः क्रेनचा रिमोट घेतला आणि पेटी हळूहळू वर घेतली. एक इंच. दीड इंच.

गाजर मोडावं तशी तुळई मोडली. काड्या नाहीत, धागे नाहीत, सरळ तुकडा! पेटी एका अंगावर खाली बसली. पिवळ्या रेषेच्या आत कोणी नव्हतं. हीच पेटी बंदरात जहाजावर चढवताना वीस मीटरवर असती, आणि खाली माणसं असती.

मॅनेजर म्हणाले, "अंकल... सॉरी. तुम्ही ऐकलंत?"

लिम अंकलनी गुडघे झटकले. "धिस वन," ते कानाला बोट लावून म्हणाले, "बोथ इयर्स."

* * *

नमुना मी तुळईच्या वरच्या, म्हणजे झाडाच्या शेंड्याकडच्या, टोकाचा घेतला होता. मेलेलं झाड वरून सुकतं, पण बुंध्याशी जमिनीची ओल राहते आणि कूज तिथून सुरू होते. सुरुवातीला डोळ्यांना काही दिसत नाही, पण आतला चिवटपणा गेलेला असतो. हे मी त्या दिवशी शिकले. स्वतःच्या सहीसकट.

मग गॅरीला सांगायचं होतं की आता तुझं लाकूड नको. तीनदा ईमेल लिहिला, तीनदा पुसला. शेवटी फोनच केला. सगळं सांगितलं.

मग तो म्हणाला, "इथे ट्रकवर चढवतानाच ओंडके मोडायला लागलेत."

मला राग आला. "मग का पाठवलंत?"

"कारण गेल्या वर्षी ते चांगलं होतं, मॅडम."

माझी तपासायची पद्धतही गेल्या वर्षीचीच होती. गॅरीने माफी मागितली, तो कंटेनर परत घेतला. काही महिन्यांनी त्याच्या गिरणीतला फळ्यांचा विभाग बंद झाला. उरलेली झाडं आता भुगा करून जळणाच्या गोळ्यांसाठी जातात. गॅरी निवृत्त झाला.

आणि आमच्या यार्डात नियम झाला, तुळईचा नमुना दोन्ही टोकांचा घ्यायचा आणि सहीच्या आधी लिम अंकलना विचारायचं. नियम मी लिहिला. अंकलनी वाचला आणि विचारलं, "आय रिटायर, देन हाऊ?" त्यांच्याकडून वाजवायला शिकतेय. अजून मला सगळी लाकडं सारखीच ऐकू येतात.

* * *

मागच्या वर्षी गॅरी बायकोबरोबर मुलीकडे ऑस्ट्रेलियाला चालला होता. वाटेत सिंगापूरला दोन दिवस. मी, देवरुखकर आणि लिम अंकल त्यांना बुओना व्हिस्टाच्या एका हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या खाऊगल्लीत, जेवायला घेऊन गेलो. अंकल आणि गॅरी लाकडाच्या प्रतीवरून चार वर्षं फोनवर भांडले होते, समोरासमोर पहिल्यांदाच. दोघांनी हात मिळवले आणि एकमेकांच्या तळव्यांकडे बघितलं. दोघांना मिळून साडेअठरा बोटं, बाकीची करवतीने नेलेली! गॅरीची बायको म्हणाली, "यांची ओळख करून द्यायची गरज नाही."

जेवून बाहेर आलो. रस्त्याच्या कडेला एक भलंमोठं रेन ट्री, आपल्याकडचा विलायती शिरीष. फांद्या पार पलीकडच्या बसस्टॉपपर्यंत. गॅरी बोलता बोलता थांबला आणि झाडाकडे गेला. आधी खोडाभोवती एक चक्कर मारली, सालीवर बोटं फिरवत, काही शोधल्यासारखी. मग दुसरी. मग दोन्ही तळवे खोडाला लावून मान वर करून उभा राहिला. उभा म्हणजे उभाच. त्याच्या बायकोने पर्स बाकावर ठेवली आणि शांतपणे बसली. देवरुखकर काहीतरी बोलणार होते, मी त्यांना खुणेनेच थांबवलं.

भाजीची ट्रॉली ओढत एक म्हातारी आंटी चालली होती. ती थबकली. गॅरीकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं आणि काळजीने लिम अंकलना विचारलं, "अंकल, युवर फ्रेंड ओके ऑर नॉट?"

"ओके, ओके," अंकल म्हणाले. "ही टिंबर मॅन. लाँग टाइम नेव्हर सी लाइव्ह वन."