गादीखालचं निशाण

आमच्या गल्लीत ओतिलियाइतकी थापाडी बाई दुसरी नाही. सत्तरी उलटली तरी शिलाई मशीन धडधडतंय, आणि तोंड त्याहून जोरात. लष्कराच्या राजवटीत कार्निवल बंद झाला, तेव्हा आमच्या नाचगाण्याच्या पथकाचं निशाण म्हणे तिनेच गादीखाली दडवलं आणि झडतीच्या वेळी वर आजाराचं सोंग घेऊन कण्हत पडली. ही गोष्ट ऐकता ऐकता ताटातले कितीतरी एम्पनाडे गार झाले असतील.

मग ग्रिसेल आली. इतिहासाची प्राध्यापिका, त्या काळाच्या आठवणी गोळा करणारी. ज्या घरांनी निशाण लपवलं, त्यांची नावं तिच्या पुस्तकात येणार होती. ओतिलियाने फोटोसाठी केससुद्धा रंगवले. पण पंचाईत अशी, की प्रत्येक घर छातीठोकपणे सांगे, ‘आमच्याचकडे होतं.’ पोरगी चक्रावली. शेवटी तिने सगळ्यांना पथकाच्या क्लबात बोलावून तिथे जपलेलं निशाण टेबलावर पसरलं.

“हे ठिगळ माझ्या पडद्याचं,” आमचा पथकप्रमुख अन्सेल्मो म्हणाला.

“आणि हा माझा झगा,” मी म्हटलं.

उलगडा झाला. पाववाला सिरिलो, देव त्याचं भलं करो, टोपलीत पावाखाली घालून ते या घरून त्या घरी हलवायचा. ज्याच्याकडे येई, तो कसरीने खाल्लेली भोकं बुजवी आणि तोंड बंद ठेवी. एकेकाचं ठिगळ सापडलं. ओतिलियाचं काही सापडेना.

“माझ्या घरात कसर नव्हती,” ती म्हणाली. आम्ही पोट धरून हसलो. ती हसली नाही. तिने हातातला माते चहाचा पेला खाली ठेवला.

“सिरिलो माझ्याकडे आलाच नाही. माझा भाऊ पोलिसात होता ना. रोज पाव घेताना मी टोपलीत डोकावून बघायची, आज तरी माझी पाळी येईल म्हणून.”

“मग ती गादी?” ग्रिसेलने हळूच विचारलं.

“इतक्यांदा सांगितलंय पोरी, की आता मला त्या कापडाचा वाससुद्धा आठवतो.”

मला फार वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. अन्सेल्मो मात्र गुरगुरत उठला. स्वयंपाकघरातून टोपली आणली, निशाण घडी करून आत ठेवलं, वर चार पाव रचले आणि टोपली तिच्या मांडीवर ठेवली.

“कोपऱ्यात एक भोक राहिलंय. शनिवारी कार्निवल आहे. घरी ने, आणि कुणाला सांगू नकोस.”

दुसऱ्या दिवशी मी मुद्दाम तिच्याकडे गेले. मशीनवर तिच्या पिवळ्या टेबलक्लॉथचा तुकडा कापून ठेवलेला. म्हटलं, “काय गं, निशाण झालं का?”

ओतिलियाने आधी दार लावून घेतलं.

“कसलं निशाण?” ती म्हणाली.