भामाच्या गाडीचं परमिट

भामाच्या मिनीबसला परमिट मिळालं तेव्हा तिने सुकापुरात घरोघर पेढे दिले. शेजारच्या आनंदाकडेही दोन आले. एक बायकोने खाल्ला, दुसरा त्याच्यासाठी ठेवला, तो मुंग्यांनी संपवला. आनंदा जळत होता, सरळच सांगायचं तर.

न्हावा शेव्याच्या गोदामांतल्या कामगारांची ने-आण करायची म्हणून त्यानेही मिनीबस घेतली होती. भामा त्याच्या मयत मित्राची बायको. दोघांनी परमिटचा अर्ज दोन वर्षांपूर्वी एकाच दिवशी दिला; रांगेत आनंदा पुढे, भामा मागे. आरटीओची कचेरी हो म्हणेना की नाही म्हणेना. गाड्या दारात उभ्या, आणि आनंदा दुसऱ्याची गाडी हाकून दिवस ढकलतोय.

शेवटी भामा हायकोर्टात निघाली. त्यालाही चल म्हणाली.

"सायबांशी वाकडं घेऊन काम व्हतं काय, वयनी?" आनंदा हसला होता.

त्याची रीत वेगळी, खाडीकाठची. चांगला जिताडा मासा मिळाला की तो घरच्या कालवणात पडायचा नाही, कचेरीतल्या कारकुनाच्या घरी जायचा. त्याचा बापही तलाठ्याला असाच पोचवत असे. "आनंदा, तू घरचा माणूस," असं कारकून म्हणायचा, आणि तेवढ्यावर हा बाबा महिनाभर खूश.

कोर्टाने सांगितलं, सहा आठवड्यांत निर्णय द्या. कचेरीने चार महिने काढले. मग भामाच्या वकिलाने अवमानाची याचिका लावली, साहेबांना जातीने हजर राहायची नोटीस गेली, आणि दोन वर्षं न हललेला कागद तिसऱ्या दिवशी सहीशिक्क्यानिशी तिच्या हातात आला.

आता रोज सकाळी तिची भरलेली गाडी आनंदाच्या दारावरून जायची. हॉर्न ऐकला की त्याचा चहा कडू व्हायचा. आपल्या मागे उभी असलेली बाई पुढे गेलीच कशी? महिनाभर तो धुमसला. मग कारकुनाची बदली झाल्याचं कळलं, तेव्हा मान खाली घालून तिच्या ओट्यावर जाऊन बसला.

"वकिलाचा नंबर दे, वयनी. मी पन कोर्टात जातो."

भामाने लगेच दिला. "जाताना पोच घेऊन जा, भावजी. अर्ज दिल्याची. वकील पयली तीच मागतो."

"माझ्याकडं नाय पोच."

तिने आतून आपली आणून दाखवली. तारीख, नंबर, गोल शिक्का. आनंदाने ती हातात घेतली. अर्ज दिला त्या दिवशी कारकुनाने विचारलं होतं, पोच हवी का म्हणून. घरच्या माणसाकडे पोच काय मागायची, याची त्याला लाज वाटली होती.

"तू बरी मागितलीस?"

"मना तितं कोन वलखतो? मागावीच लागली."

आनंदाने कागद परत दिला. महिनाभर तो तिच्या परमिटवर जळला होता. आता कचेरीत तिला कुणी ओळखत नव्हतं, याचाच त्याला हेवा वाटत होता.