बांधाचं वय

जळगावच्या एका कॉलेजात मी बरीच वर्षं आग्नेय आशियाचा इतिहास शिकवतो. हा पेपर मुलं आवडीने घेत नाहीत. दुसरीकडे जागा उरली नाही की इकडे येतात. जावा कुठे आणि ब्रह्मदेश कुठे, हे नकाशावर दाखवण्यातच सुरुवातीचे तास जातात. सागवानाचं प्रकरण आलं की मात्र वर्ग जरा सरसावून बसतो, कारण सागवान आमच्या पोरांना ओळखीचं.

ते प्रकरण मी रंगवून शिकवायचो. ज्या जमिनीची मालकी कोणाला सिद्ध करता येत नाही ती सरकारची, असं डचांनी जावात जाहीर करून टाकलं. ऐकायला साधी गोष्ट. पण कोणतं शेत कोणाचं हे ज्या गावाला तोंडपाठ, तिथे कागद कोण करून ठेवणार? ब्रह्मदेशात इंग्रजांनी हेच आणखी सफाईने केलं. डोंगरातल्या लोकांनी आपल्या पिकात सागाची रोपं लावायची, ती जगवायची, आणि साग मूळ धरून वर आला की शेत सोडून पुढे सरकायचं. लाकूड सरकारचं, जमीनही सरकारची. मी फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहायचो, ‘कागद कोणाकडे होता?’ मग खडू खाली ठेवून थोडा वेळ गप्प उभा राहायचो. ते गप्प राहणंसुद्धा दरवर्षीचं, ठरलेलं.

अशाच एका तासानंतर एक मुलगी टेबलाशी आली. पावरा आदिवासी समाजाची, रावेरच्या वर सातपुड्याच्या पायथ्याला तिचं गाव.

“सर, आमच्याकडे पण असंच आहे. आजोबांचं शेत अजून जंगलातच धरतात.”

“छान,” मी म्हणालो. “उत्तरात ही तुलना घाल. परीक्षकाला आवडेल.”

ती हलली नाही. “तुम्ही ओळखता त्यांना. तुमच्या मळ्यावर राखणीला होते.”

ओळखत होतोच. आमचा केळीचा मळा त्याच अंगाला आहे, वडिलांमागे माझे थोरले भाऊ तो बघतात. मळ्याच्या वर तिच्या आजोबांचं शेत, आणि त्याच्याही वर नाला. वयाने ते माझ्या वडिलांएवढे, पण आमच्या घरातली शेंबडी पोरंही त्यांना नुसत्या नावाने हाक मारायची, अरे-तुरे करायची. मीही केलं. दिवाळीच्या सुट्टीत मी त्यांच्या मागे मागे असायचो. नांगरटीत दगड वर आले की ते वेचून शेताच्या उताराला रचायचे. त्या बांधातले कितीतरी दगड मी माझ्या हाताने नेऊन ठेवलेत. दुपारी त्यांची बायको मक्याची भाकर आणि ठेचा द्यायची. मी तिथे जेवतो हे आईला कळू नये म्हणून घरी जाण्याआधी नाल्यावर तोंड धुऊन घ्यायचो.

नंतर सरकारने नामंजूर झालेले वनहक्काचे दावे पुन्हा तपासायला घेतले, त्यात तिच्या आजोबांचाही होता. शेत जुन्या वहिवाटीचं आहे याला कागद नसेल तर गावातल्या जुन्या, जाणत्या माणसाचा जबाबही चालतो. फक्त तो दावेदाराच्या घरचा नको. मुलीचा फोन आला. “सर, आठवतं तेवढंच सांगा. बाकी काही नको.” मी हो म्हणालो, आणि मनापासून म्हणालो.

पाहणीच्या दिवशी सकाळी मळ्यात ट्रकमध्ये केळीचे घड भरणं चाललं होतं. भाऊ घडांमध्ये पाला घालून घेत होते. माझ्याकडे न बघताच म्हणाले, “जबाब द्याले चालला म्हने तू?”

“बोलावलंय.”

“जाय ना भो. मी कुठी अडोतो तुले?” मग हात झटकून जवळ आले. “आपला पाइप त्यायच्या वावरातून येतो, ध्यानात आहे ना? आज ते वावर जंगलाचं आहे, म्हनून कोनी इचारत नही. उद्या त्यायच्या नावाचं झालं अन् ते नही म्हन्ले, त नाल्याचं पानी कुठून आनू? डोक्यावर?”

“मी खोटं बोलणार नाही, भाऊ.”

“खोटं बोल असं म्हन्लं का मी?” ते हसले. “तू पोरायले काय शिकोतो? कागद पाह्यल्याबिगर बोल्याचं नही. हा? मंग तेच सांग. बठ्ठं खरंच त बोलशीन.”

मला तेव्हा राग यायला हवा होता. आला नाही. उलट सुटल्यासारखं वाटलं.

शेतावर अधिकारी होते, गावच्या समितीचे लोक होते, मुलगी होती. आजोबांनी मला पाहिलं आणि कोणाच्या तरी घरून प्लॅस्टिकची खुर्ची मागवली. “उन्हात उभे नका राहू, भाऊ.” मी बसलो नाही, इतकंच.

अधिकारी भला माणूस होता. बांधाकडे बोट दाखवून म्हणाला, “सर, तुम्ही तर इतिहासाचे. हा बांध किती जुना असेल? तुम्ही लहानपणी पाहिलाय का?”

माझा पाय त्याच बांधावर होता. मी म्हणालो, “नुसत्या बांधावरून काळ ठरवणं अवघड आहे. कागदोपत्री आधार असल्याशिवाय मी ठामपणे काही म्हणणार नाही.”

चर्चासत्रात आम्ही असंच बोलतो. अशा वाक्याचं तिथे कौतुक होतं. त्याने मला दोन गोष्टी विचारल्या होत्या. मी पहिलीचं उत्तर दिलं आणि दुसरी त्या उत्तराखाली झाकली. त्याने ते लिहून घेतलं आणि पुढचं विचारायला वळला.

“सर,” मुलगी सगळ्यांसमोर म्हणाली, “मग परीक्षेत मी चुकीचं लिहिलं का?”

आजोबा तिला त्यांच्या बोलीत रागावले. मग मला समजावल्यासारखं म्हणाले, “लहान होते तुम्ही तेव्हा, भाऊ. नसेल आठवत.”

त्यांनी शिवी दिली असती तर मी ती घेऊन घरी गेलो असतो आणि कधीतरी विसरलोही असतो. ही सूट मात्र मला पेलेना. मुलगी पुढच्या तासाला आली. नेहमीच्या जागी बसली, मान खाली घालून मी सांगितलं ते सगळं उतरवून घेतलं. माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही.

शेवटी मी एकटाच तालुक्याच्या ऑफिसात गेलो आणि नवा जबाब द्यायचाय म्हणून सांगितलं. बांध, दगड, मक्याची भाकर, सगळं सांगितलं. टायपिंग करणारा कारकून समजूतदार होता. “आठवण नंतर झाली, असं टाकू का सर? बरं दिसेल.”

“आठवण तेव्हाही होती.”

“मग काय टाकू?”

“भावाचा पाइप त्या शेतातून जातो, म्हणून बोललो नाही.”

त्याने कीबोर्डवरची बोटं उचलली. “असं कोणी लिहीत नाही, सर. खाली तुमचा हुद्दा येणार आहे.”

“येऊ द्या.”

त्याने लिहिलं. अधिकाऱ्याने ते दोनदा वाचलं आणि म्हणाला, “आता एकाच माणसाचे दोन जबाब झाले. वर विचारतील, यातला खरा कोणता. पहिल्याच वेळी बोलला असता, तर हा प्रश्नच नव्हता.” मी मान हलवली.

भाऊंना मीच जाऊन सांगितलं. ते माझ्यावर ओरडले नाहीत. आमच्या पाइपाला त्या शेतात एक तोटी आहे आणि तिच्यावर आजोबांचं घर पाणी भरतं, हे मला ठाऊकच नव्हतं. भाऊंनी ती बंद करून टाकली, तेव्हा कळलं. तेही मुलीने सांगितलं नाही, मळ्यातल्या गड्याकडून समजलं.

मी फोन केला. “तोटी सोडा, भाऊ. राग माझ्यावर आहे ना?”

“तुह्यावर कायचा राग?” ते शांतपणे म्हणाले. “वावर कोनाचं ते ठरू दे आधी. कागद येऊ दे.”

माझ्या घरी नळाला पाणी येतं. कॉलेजात नोकरी आहे, पगार वेळेवर होतो. खरं बोलल्याचा मला काही त्रास झालेला नाही. मुलगी आणि तिची आई आता नाल्यावरून हंडे आणतात. वाट दगडांची आहे, पावसाळ्यात निसरडी होते. दाव्याचा निकाल अजून लागलेला नाही.