टॉवेलाची कड

नव्या टॉवेलाची घडी उलगडली की खळीच्या त्या वासानं आजही माझ्या तळहातांना घाम फुटतो. चिंचोळी एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्यात माल तपासायच्या कामासाठी माझी पहिली मुलाखत होती. आठ दिवस मी घरात बसून स्वतःची इंग्रजीतली ओळख मोठ्यानं घोकली होती, फाइलमधले कागद दहादा लावले होते. आत गेले, तर साहेबांनी ओळख विचारलीच नाही. एक टॉवेल पुढं सरकवून म्हणाले, "यात काय बिघडलंय, सांगा." मी टॉवेल उलटसुलट करून पाहिला. कड लाटेसारखी वरखाली झालेली दिसत होती, पण कशानं ते काही सांगता येईना. साहेबांनी एकदा घड्याळाकडं पाहिलं, मग दाराकडं. "कळवतो," म्हणाले. घरी आले तेव्हा आई नेहमीसारखी मशीनवर कारखान्याच्या टॉवेलांच्या कडा शिवत होती. मी रडत रडत सगळं सांगितलं. मान वर न करता ती म्हणाली, "शिवताना कापड ताणलं असंल, आनि काय! जायच्या आदी मला इचारायचं की गं." साहेब अजून कळवतायत. आणि मी आठ दिवस घोकत बसले होते, ते तिच्याच टॉवेलांच्या ढिगाला टेकून.