जखमेचं कारण लिहा

मला एका जागी बसवत नाही, पहिल्यापासूनच. दवाखान्याच्या रेकॉर्ड रूममध्ये नोकरी लागली तेव्हा घरचे म्हणाले, बरं झालं, बसून काम आहे. कसलं बसून! माझी निम्मी नोकरी त्या दवाखान्याच्या जिन्यावर गेली.

ही सत्तरच्या दशकातली गोष्ट. पेशंट घरी गेला की त्याचा केसपेपर आमच्याकडे यायचा. आमच्याकडे एक जाडजूड इंग्रजी पुस्तक होतं, त्यात प्रत्येक आजाराला आकडा दिलेला. डॉक्टरांनी लिहिलेल्या आजाराचा आकडा शोधायचा आणि केसपेपरच्या कोपऱ्यात लाल शाईने टाकायचा. मलेरिया, टायफॉइड, बाळंतपण, सगळं सरळ होतं. डोकं उठवायच्या त्या पायाच्या जखमा, महिनोन्महिने न भरणाऱ्या. ज्युनियर डॉक्टर 'पायाला जुना अल्सर' एवढं लिहून मोकळे. अहो, पण कशामुळे? साखरेमुळे, कुष्ठामुळे, फुगलेल्या शिरांमुळे, की नुसता काटा रुतला म्हणून? प्रत्येकाचा आकडा वेगळा. जखम कुठल्या पायाला, किती खोल, हाडाला पोचली का, याचा पत्ता नाही. पहिल्या दिवशी दोन ओळी, आणि मग रोज खाली तेच ते, 'उपचार चालू ठेवा'. पुढच्या खेपेला तोच माणूस सडका पाय घेऊन आला की जुना पेपर काढायचा, आणि त्यात काय? काही नाही!

मग मी गठ्ठा उचलून सर्जरीच्या वॉर्डात जायची आणि एकेक पेपर त्यांच्या नाकासमोर धरायची. "कारण लिहा, नाहीतर मी पेपर घेत नाही." ती पोरं हसायची. "आली, कारणवाली बाई आली," म्हणायची. म्हणू देत.

आणि मग माझ्या सासूबाईच त्या वॉर्डात भरती झाल्या.

सासूबाईंचा जन्म हातमागावर गेला होता. माग विकून टाकले, सासरे लकडगंजातल्या धान्याच्या आडतीत कामाला लागले, तरी यांच्या हातांना सुताच्या कांड्या भरायची सवय होती, रिकाम्या बसल्या की बोटं हलायची. त्या दोन-तीन वर्षांपासून अनवाणी चालायच्या. भाजी आणायला अनवाणी, कोणाच्या लग्नाला अनवाणी, मे महिन्याच्या डांबरावर अनवाणी. मी विचारलं की म्हणायच्या, "सवय नाही मले चपलीची." उजव्या पायाच्या अंगठ्याच्या बुडाशी, तळव्यावर, जखम झाली. दुखत नव्हती म्हणून त्यांनी ती दाखवलीही नाही. एक दिवस फरशीवर डाग दिसले तेव्हा कळलं. तपासलं तर साखर भरमसाट वाढलेली. जखम साफ केली, पट्ट्या केल्या, घरी पाठवलं. परत आल्या. पुन्हा पाठवलं, पुन्हा परत. दर वेळी त्यांच्या पेपरवर तेच लिहिलेलं, 'जुना अल्सर', आणि दर वेळी मी संतापून वर.

तिसऱ्या खेपेला वॉर्डातला ज्युनियर डॉक्टरही वैतागला. "बाई, साखरेमुळे हे मी लिहितो. पण पट्टी करून पाठवलं की जखम परत फाटते, ती कशामुळे, हे तुमच्या सासूबाईंनाच विचारा. चप्पल घालायला काय होतं त्यांना?"

मी तशीच खाटेपाशी गेले. "आई, आज सांगायचंच. काय आहे हे चपलीचं?"

"काहून बोंबलून राहिली वं? वार्ड हाय हा."

"असू द्या वॉर्ड!"

त्या तोंड फिरवून पडल्या. शेजारच्या खाटेवर काटोलची एक बाई होती, संत्र्याच्या बागेत काटा रुतून पाय सुजलेली. तिला राहवलं नाही. "अवं, तुह्यासाठीच तं हाय ते! कोराडीच्या देवीले नवस बोलल्या त्या. तुह्या पोटी लेकरू येईस्तोवर चप्पल घालत नाही म्हून. मले सांगतलं त्यायनं."

मला दोनदा दिवस राहिले होते आणि दोन्ही वेळा गर्भ पडला होता. दुसऱ्या वेळेनंतर सासूबाई त्याबद्दल माझ्याशी एक शब्द बोलल्या नव्हत्या. मी समजत होते, मनातून दूषणं देत असतील. त्या वेळी मला रडू यायला हवं होतं, पण आला तो राग. माझ्या पोटासाठी यांनी स्वतःचा पाय सडवावा? मला विचारलं होतं का कोणी? मी तिथून निघाले आणि दवाखान्याच्या आवारात नुसती फिरत राहिले. बसावं कुठे तेच कळेना.

सुट्टी देताना मोठे सर्जन स्वतः म्हणाले, "आजी, हाड अजून शाबूत आहे. पण असंच अनवाणी चाललात, तर पुढच्या वेळी पाय कापावा लागेल." दवाखान्यातल्या चांभाराने मऊ रबराच्या चपला करून दिल्या. सासूबाईंनी घरी आल्यावर त्या देव्हाऱ्याखालच्या कोनाड्यात ठेवून दिल्या.

मी भांडले, विनवलं, जेवायचं सोडलं. "देवीले शब्द देला मी," एवढंच उत्तर. नवऱ्याला म्हटलं, तुम्ही तरी बोला. तो म्हणाला, "तुम्हा दोघींच्या मधात मी नाही पडत." रात्री सगळे झोपायचे आणि माझ्या डोळ्यांसमोर तो कापलेला पाय यायचा. वॉर्डात असे पाय गुंडाळून नेताना मी पाहिले होते.

एका सकाळी मी माझ्या चपला काढल्या आणि त्याच कोनाड्यात, त्यांच्या चपलांशेजारी ठेवल्या.

"हे काय नाटक?" सासूबाईंनी विचारलं.

"तुम्ही घालत नाही, मग मीही घालत नाही. देवी काय एकट्या तुमची आहे?"

"येडी झाली काय वं तू!"

मी निघाले. बसस्टॉपपर्यंत पोचता पोचताच अक्कल आली, पण माघार कोण घेणार? दुपारी कामाने खाली-वर करताना आवारातलं डांबर पायाला चिकटत होतं. ऑफिसातले विचारत होते, बाई, चप्पल हरवली का? मी म्हटलं, हो. दुसऱ्या दिवशी पुन्हा तशीच गेले. संध्याकाळी घरी आले तेव्हा मला पाय टेकवत नव्हता.

सासूबाई ओट्यावर बसल्या होत्या. माझी चाल पाहून उठल्या, मला खाली बसवलं आणि माझा पाय स्वतःच्या मांडीवर घेतला. सासू सुनेचा पाय मांडीवर घेते, अहो, समोरच्या घरातली बाई पाहतच राहिली. तळव्याला टपोरे फोड आले होते. त्यांनी एकावर बोट ठेवलं मात्र, मी किंचाळले.

"येवढं जळते?"

"जळणार नाही तर काय! निखाऱ्यावरून चालल्यासारखं होतंय."

त्यांनी पुन्हा, हळूच, फोडाच्या कडेला बोट लावलं. मग स्वतःचा पट्टी बांधलेला पाय पुढे ओढून पट्टीबाहेरच्या तळव्यात अंगठ्याचं नख रुतवलं. जोरात रुतवलं. पाहत राहिल्या.

"मले तं काहीच लागत नाही वं," त्या म्हणाल्या. त्यांचा आवाज मी तसा कधी ऐकला नव्हता. घाबरल्या होत्या.

"तेच सांगतोय ना आम्ही सगळे, आई. तो पाय मरत चाललाय."

रविवारी सकाळी त्या लुगडं बदलून उभ्या. "चाल, कोराडीले." बसमध्ये मांडीवर पिशवी आणि पिशवीत त्या मऊ चपला. रस्त्यावर कोळशाचे ट्रक, झाडांवर वीजकेंद्राची राख. बसमधून उतरल्या आणि निघाल्या अनवाणीच! मी मागून ओरडतेय, माझेच फोड सांभाळत लंगडतेय, आणि त्या ऐकत नाहीत. देवीसमोर खूप वेळ हात जोडून उभ्या राहिल्या. ओठ हलत होते.

बाहेर पायरीवर बसल्या, पिशवी उघडली आणि दोन्ही चपला पायांत घातल्या.

त्यांचा पाय वाचला, हे इथेच सांगून टाकते, मला ताणून धरणं जमत नाही. जखम भरायला अख्खा पावसाळा गेला, पण भरली. मला मूल मात्र झालं नाही, तेव्हाही नाही आणि पुढेही नाही.

पण त्या दिवशी पायरीवर मला हे ठाऊक नव्हतं. मी विचारलं, "आई, नवस मोडला तुम्ही?"

"मोडला काहून? फेडला."

"फेडला कसा? मूल कुठं झालंय?"

पिशवीची घडी करत त्या माझ्याकडे न पाहताच म्हणाल्या, "लेकरू भेटलं म्हून सांगतलं मी तिले. अडेल हाय, तोंडाळ हाय, पाय भाजून घेते, पण माह्यंच हाय, म्हटलं." आणि माझ्या दंडाला धरून उठल्या. "रडून काहून राहिली आता? चाल, बस सुटून जाईन."