सावंतबाईंचं कोपर आणि कुकिंग रेंज

स्टाफरूममधले किस्से कोणी मुद्दाम जमवत नाही. डबे उघडतात, कोणीतरी घरचं काहीतरी सांगायला लागतं, तेवढ्यात घंटा होते आणि गोष्ट अर्धी राहते. उरलेली दुसऱ्या दिवशी. असं करता करता वर्षाअखेर एवढा साठा होतो, की कुणाच्या नणंदेचं भांडण कुणाच्या डब्यात शिरलं तेही आठवत नाही! आमच्या वसईच्या शाळेत एक वर्ष मात्र असं गेलं, की सगळे किस्से एकाच विषयाचे. सावंतबाईंची कुकिंग रेंज.

सावंतबाई भूमिती शिकवायच्या. माहेर मालवणकडचं, राहायला विरारला बोळिंजमध्ये. उंची एवढीशी. फळ्याच्या वरच्या अर्ध्या भागावर त्यांनी नोकरीत कधी एक रेघ ओढली नाही. आवाज मात्र तिसऱ्या मजल्यावरून थेट मैदानात!

*

सुरुवात झाली ती ओट्यापासून. बोळिंजला नव्या नव्या बिल्डिंगा उभ्या राहत होत्या, तेव्हा त्यांनी फ्लॅट घेतला. स्वयंपाकघराचा ओटा घालायच्या दिवशी नेमकी बाईंची परीक्षेची ड्यूटी. साइटवर गेले ते मिस्टर सावंत. मुंबईत बँकेत नोकरी, आणि उंची चांगली सहा फूट. गवंड्याने विचारलं, "साहेब, ओटा कुठपर्यंत घेऊ?"

सावंतांनी तोवर आयुष्यात साधा चहा केलेला नव्हता. तरी ते ताठ उभे राहिले, कमरेच्या वर हात लावला आणि म्हणाले, "इथपर्यंत!"

झालं. गृहप्रवेशाला ओट्यावर शेगडी, शेगडीवर दूध, आणि सगळे पाहुणे दूध उतू जायची वाट बघत उभे. सगळ्यात पुढे बाई. त्यांना पातेल्याची फक्त बाहेरची बाजू दिसत होती. शेवटी न राहवून त्यांनीच विचारलं, "अहो, गेलं का उतू?"

सगळे हसले. सावंत लाडात येऊन म्हणाले, "होईल सवय!"

त्या दिवसापासून बाईंच्या पायाखाली पाट आला. सकाळी पाटावर, संध्याकाळी पाटावर, कैक वर्षं.

*

एकदा ओल्या लादीवर तो पाट सरकला. बाईंच्या हातात आमटीचं पातेलं होतं, उकळतं. सगळी आमटी पायावर.

बऱ्याच दिवसांनी लंगडत शाळेत आल्या. आमच्या फिलोमिनाबाई म्हणजे गिरीजच्या वाडीतल्या, स्टाफरूमला केळी पुरवणाऱ्या आणि मनात आलेलं तोंडावर बोलणाऱ्या. त्या म्हणाल्या, "बाई, आता एक तर ओटा बुटका करा, नायतर नवरा!"

आम्ही खो खो हसलो. सावंतबाई हसल्या नाहीत.

"रेंज घेणार," त्या म्हणाल्या. "ओट्यावर ठेवायची शेगडी नाही, कुकिंग रेंज. ती जमिनीवर उभी राहते. आणि यापुढे मीही जमिनीवर उभी राहणार!"

त्यांच्या पायाची पट्टी दिसत होती.

*

मग दर शनिवारी शाळा सुटली की दुकानं. सोबतीला मी असायचे. बाईंची पद्धत एकच. रेंजसमोर उभं राहायचं, कोपरात हात वाकवायचा आणि बर्नर कोपराच्या वर येतो की खाली ते बघायचं. वर आला की पुढची रेंज!

एक सेल्समन बिचारा जीव तोडून सांगत होता. पितळी बर्नर, काचेचं झाकण, बटण दाबलं की आपोआप पेटणार. "मॅडम, फ्लेम तर बघा! एकदम ब्ल्यू!"

"फ्लेम बघायलाच आलेय," बाई म्हणाल्या, "पण मला ती वरून बघायचीय!"

दुसऱ्या दुकानात मालकाने हात जोडले. "मॅडम, असं करा, येत्या रविवारी साहेबांना घेऊन या. मग फायनल करू."

"साहेबांनी एकदा फायनल केलंय," बाई म्हणाल्या. "म्हणूनच तर मी इथे आलेय!"

*

फिलोमिनाबाईंच्या जावेकडे कुवेतहून आणलेली रेंज होती. ती दाखवायला त्यांनी आम्हाला गिरीजला नेलं. रेंज काय झगमगत होती! चार बर्नर, खाली ओव्हन, वर क्रोशाचा रुमाल, रुमालावर प्लॅस्टिकची फुलं.

"आणि स्वयंपाक?" मी विचारलं.

"तो मागे पडवीत, चुलीवर," जाऊबाई म्हणाल्या. "हिच्यावर केला तर मळंल ना ती!"

मी ओव्हन उघडून बघितला. आत पाहुण्यांच्या चांगल्या बशा!

सावंतबाईंना या कशाचं काही नव्हतं. त्यांनी रुमाल बाजूला केला आणि कोपर वाकवलं. मग हळूच म्हणाल्या, "हीच. हीच उंची." मोजायला हाताशी काही नव्हतं. त्यांनी पदराचं टोक जमिनीला लावलं, बर्नरपर्यंत ताणलं आणि तिथे गाठ मारली. परत येताना ती गाठ त्यांनी मुठीत धरून ठेवली होती.

*

मग दुकानांतून कोपराबरोबर गाठही फिरू लागली. ती साडी मळली की धुऊन पुन्हा तीच साडी!

गाठ जुळली ती चंदनसारच्या एका दुकानात. तीही सरळ नाहीच. रेंज होती दुकानातली सगळ्यात महागडी, पण चार बोटं उंच. सेल्समन खुशीत म्हणाला, "मॅडम, खाली पाय आहेत, फिरवले की उंची वाढते!"

"कमी होते का?"

तो डोकं खाजवायला लागला. "कमी... कमी कोणी मागतच नाय!"

"मी मागतेय."

त्याने पाय फिरवले, मग काढूनच टाकले. बाईंनी पदर लावला. गाठ बरोबर बर्नरवर! दुकानातच त्यांनी डोळे पुसले, आणि लगेच मला म्हणाल्या, "मसाल्याचा वास आला वाटतं कुठूनतरी." मसाल्याचं दुकान आसपास नव्हतं.

*

रेंज बसवायची तर ओटा कापायला हवा. कारागीर मशीन घेऊन आला आणि सावंत दारात आडवे! "अगं, एवढं चांगलं ग्रॅनाइट! निदान मला विचारायचंस तरी!"

बाईंनी शांतपणे विचारलं, "बसवताना मला विचारलं होतं?"

सावंत बाजूला झाले. माणूस वाईट नव्हता हो. त्यांना ते तोवर सुचलंच नव्हतं.

*

रेंज बसली त्या रविवारी मी आणि फिलोमिनाबाई बोळिंजला गेलो. पाट धुऊन देवघरात ठेवला होता. त्यालाही अखेर त्याचं खरं काम मिळालं! बाईंनी पुन्हा पातेलंभर दूध ठेवलं. जमिनीवर उभ्या राहून, वरून बघत होत्या. साय थरथरली, दूध वर आलं, आणि बाई लहान मुलीसारख्या ओरडल्या, "गेलं बघा! गेलं उतू!" खोटं कशाला सांगू, मला भरून आलं. फिलोमिनाबाईंनी तर चक्क छातीवर क्रूसाची खूण केली.

मग बाई पंख्याखाली खुर्चीत बसल्या, मांडीवर सहामाहीचे पेपर घेतले आणि म्हणाल्या, "अहो, आज चहा तुमच्या हातचा."

पाहुण्यांसमोर नाही कसं म्हणणार? सावंत स्वयंपाकघरात गेले. डब्यांची खडखड झाली. बटण तीनदा वाजलं, मग गॅस पेटला. थोड्या वेळाने सावंत एका हातात चमचा आणि दुसऱ्या हाताने कंबर धरून दारात आले.

"अगं, काय हे! किती खाली आहे! चहा ढवळेपर्यंत पाठ मोडली माझी!"

बाईंनी पेपरवरून मान वर केली नाही. एका चुकलेल्या त्रिकोणावर लाल फुली मारली आणि म्हणाल्या, "होईल सवय."